श्रावणी सोमवार, बातुमी आणि आमच्या ओट्यावरच्या पोरी

28 जुलै 2025. पहिला श्रावणी सोमवार होता, शाळा लवकर सुटलेली, मला उपास, आणि ओट्यावर दप्तरासकट सात पोरी एका मोबाईलभोवती गोळा होऊन बसलेल्या. मोबाईल माझाच, पाण्याच्या तांब्याला टेकवून ठेवलेला. अमळनेरला आभाळ भरून आलं की नेटचं काही खरं नसतं, त्यामुळे चित्र मधेच अडकायचं आणि पोरी ओरडायच्या, ताई गेलं ताई गेलं. तिकडे जॉर्जियात बातुमीला बुद्धिबळाच्या महिला वर्ल्ड कपची फायनल चालू होती आणि पटाच्या दोन्ही बाजूला भारतीय बाया. एकीकडे कोनेरू हंपी, 38 वर्षांची. दुसरीकडे आपली नागपूरची दिव्या देशमुख, 19 ची. हंपी ग्रँडमास्टर झाली 2002 ला, तेव्हा दिव्याचा जन्मसुद्धा झालेला नव्हता, हे मी पोरींना सांगितलं तर त्यांना ते खरंच वाटेना.

आधीचे दोन मोठे डाव बरोबरीत सुटलेले, मग सोमवारी रॅपिडचा टायब्रेक, म्हणजे निकाल लावायला कमी वेळाचे झटपट डाव. पहिला डाव परत बरोबरी. दुसऱ्यात दिव्याकडे काळ्या सोंगट्या. डाव लांबत गेला, पटावर सोंगट्या कमी होत गेल्या, हंपीच्या घड्याळात सेकंद उरलेले, आणि मग एक चूक, अजून एक चूक, आणि हंपीने डाव सोडला. दिव्या तिथेच रडायला लागली, उठली आणि जाऊन आईच्या गळ्यात पडली. माझ्या ओट्यावर एकदम शांतता. सगळ्यात छोटी, पाचवीतली, तिने मला विचारलं, ताई ती जिंकली ना, मग रडते का? मला उत्तर देता आलं नाही कारण माझाही तोच प्रकार चालू होता, पदराने डोळे पुसत मी भगर गॅसवर ठेवायला आत गेले.

त्या दिवसापासून हे लिहायचं मनात आहे, पण क्लास, घर, कापूस यातून आज वेळ मिळाला.

आधी ज्यांना बुद्धिबळातलं फारसं माहीत नाही त्यांच्यासाठी थोडं सांगते, म्हणजे दिव्याने काय केलं ते नीट कळेल. ग्रँडमास्टर व्हायला साधारणपणे दोन गोष्टी लागतात, 2500 रेटिंग, म्हणजे खेळाची ताकद सांगणारा आकडा, आणि तीन नॉर्म. नॉर्म म्हणजे काय तर एखाद्या दमदार स्पर्धेत, जिथे परदेशी खेळाडू आहेत, टायटलवाले खेळाडू आहेत, तिथे साधारण नऊ राउंड तुम्ही 2600 च्या तोडीचं खेळून दाखवायचं. असं एकदा नाही, तीनदा. कित्येक चांगले चांगले खेळाडू दोन नॉर्मवर वर्षानुवर्षं अडकून पडतात, युरोपात स्पर्धा खेळत फिरतात, घरचे पैसे संपतात, आणि तिसरा नॉर्म अर्ध्या पॉइंटने हुकतो. दिव्याकडे बातुमीला जाताना एकही नॉर्म नव्हता. पंधरावं सीडिंग होतं, म्हणजे स्पर्धेच्या सुरुवातीच्या क्रमवारीत ती पंधरावी. वर्ल्ड कप जिंकणाऱ्या बाईला थेट ग्रँडमास्टर किताब मिळतो या नियमाने ती एका झटक्यात ग्रँडमास्टर झाली, आणि वाटेत तिने झू जिनर, हरिका, तान झोंगयी अशा एकेकीला घरी पाठवलं. तान झोंगयी म्हणजे माजी जगज्जेती बरं का.

ती भारताची 88 वी ग्रँडमास्टर. आता हा आकडा बघा. 88 मध्ये बाया किती? चार. हंपी, हरिका, वैशाली आणि दिव्या. बस. 84 आणि 4.

पेपरात सगळीकडे भारताची 88 वी ग्रँडमास्टर असं मोठ्या अक्षरात आलं, मलाही अभिमान वाटला, कटिंग कापून वहीत चिकटवलं. पण त्या रात्री मला झोप आली नाही ती या चारच्या आकड्याने. कारण हा चारचा आकडा कुठे तयार होतो ते मी माझ्या ओट्यावर दरवर्षी बघते. तो दहावीत तयार होतो.

माझ्याकडे शनिवार-रविवार बुद्धिबळ शिकायला पोरं-पोरी येतात, बारा-तेरा वर्षं झाली. तिसरी-चौथीत पोरी पोरांपेक्षा जास्त असतात आणि खरं सांगू का, त्या वयात पोरी जास्त चांगल्या खेळतात, धीर असतो त्यांच्यात, हात लागला की ती सोंगटी चालवायचीच हा नियम त्या पहिल्या दिवसापासून पाळतात, पोरांना मात्र सहा महिने ओरडावं लागतं. सातवी-आठवीत निम्म्या उरतात. नववीच्या उन्हाळ्यात आई येते, दारातच उभी राहते, चहा नको म्हणते, तेव्हाच मला कळतं ही कशाला आलीये. "ताई, पोर खेयस ते चांगलंच शे, पन यंदा दहावी शे ना वं." मी म्हणते बरं. काय म्हणणार? त्या माउलीचं चुकतंय असं तोंडावर म्हणायची माझी हिंमत होत नाही, कारण ती सकाळी निंदायला जाऊन आलेली असते आणि पोरीने शिकून नोकरीला लागावं यापलीकडे तिचं काही मागणं नसतं. पण त्याच घरातला भाऊ दहावीला असताना त्याचं क्रिकेट बंद झालेलं नसतं हेही मी बघितलेलं आहे.

मी स्वतः त्याच दहावीत थांबलेली आहे. हे मी याआधी कुठे लिहिलं नव्हतं.

मला नानांनी शिकवलं. नाना म्हणजे माझे वडील, जिनिंगमध्ये हिशोबाला होते. आमच्याकडे सागवानी पट होता, त्यातला एक पांढरा हत्ती कुठेतरी हरवलेला आणि त्याच्या जागी आईच्या शिलाई मशीनचं रिकामं लाकडी रीळ. मी सात वर्षांची होईपर्यंत मला हत्ती तसाच दिसतो असं वाटायचं. रात्री जेवणं झाली की नाना कंदिलासारखा तो पिवळा बल्ब खाली ओढायचे आणि डाव मांडायचे. ते कधीही मुद्दाम हरले नाहीत. मी दहा वर्षांची असताना त्यांना पहिल्यांदा हरवलं तेव्हा त्यांनी उठून आईला सांगितलं, पोरीने मात केली, आणि दुसऱ्या दिवशी ऑफिसात सगळ्यांना सांगितलं.

1993 ला मी जिल्ह्यात मुलींत पहिली आले. जळगावला स्पर्धा झाली, पुढे राज्य पातळीला सांगलीला जायचं होतं. सांगली! सांगली म्हणजे बुद्धिबळाचं पंढरपूर असं नाना म्हणायचे, भाऊसाहेब पडसलगीकरांनी तिथे नूतन बुद्धिबळ मंडळ उभं केलेलं, भाग्यश्री साठे तिथली, पुढे स्वाती घाटेही तिथलीच. माझी पिशवी भरून तयार होती, दोन फ्रॉक, एक स्वेटर आणि डाव लिहायची वही. आणि जायच्या तीन दिवस आधी निरोप आला की मुलींबरोबर जायला कोणी बाई मिळालेली नाही, ज्यांना यायचं त्यांनी आपापलं माणूस घेऊन यावं. नानांचा जिनिंगचा सीझन, सुट्टी मिळणं शक्य नाही. आई आजारी. मामाला विचारलं, त्याची कपाशीची वेचणी. झालं. महाराष्ट्र एक्सप्रेस त्या दिवशी माझ्याशिवाय गेली. ज्यांनी तो निरोप पाठवला त्यांना आज मी ओळखतही नाही, त्यांचंही काही वाकडं नव्हतं, एक बाई शोधायची होती आणि ती कोणी शोधली नाही, इतकंच. पिशवी आठ दिवस तशीच खुंटीला होती, मग आईने एका दुपारी रिकामी केली. पुढे दहावी आली, मग बारावी, मग लग्न.

म्हणून मला पोरींना खाडिलकर भगिनींबद्दल सांगायला फार आवडतं. आजच्या पोरांना हे नाव माहीतच नसतं याचं वाईट वाटतं. वासंती, जयश्री आणि रोहिणी, मुंबईच्या तिघी सख्ख्या बहिणी. भारतात महिलांची राष्ट्रीय स्पर्धा 1974 ला सुरू झाली, पहिली जिंकली वासंतीने, आणि पहिली दहा वर्षं ते विजेतेपद या एका घराबाहेर गेलंच नाही. एका घरात! त्यातली धाकटी रोहिणी 1976 ला पुरुषांच्या राष्ट्रीय स्पर्धेत उतरली, वय 13. किती गदारोळ झाला असेल विचार करा, बाई पुरुषांच्या पटावर. प्रकरण हायकोर्टापर्यंत आणि जागतिक संघटनेपर्यंत गेलं, तेव्हा मॅक्स युवे अध्यक्ष होते, स्वतः माजी जगज्जेते, त्यांनी निर्णय दिला की स्त्रियांना राष्ट्रीय आणि आंतरराष्ट्रीय स्पर्धांतून वगळता येणार नाही. पुढे 1981 ला हैदराबादला रोहिणी आशियाई विजेती झाली, आशियात पहिलीच. आज दिव्या ओपन स्पर्धेत खेळते, पुरुषांना हरवते आणि कोणाला त्यात वेगळं वाटत नाही, त्यामागे तेरा वर्षांची ती मुंबईची मुलगी आहे.

आणि भाग्यश्री ठिपसे, म्हणजे सांगलीच्या साठ्यांची. पाच वेळा राष्ट्रीय विजेती, 1985 पासून 1994 पर्यंत, 1991 ला आशियाई विजेतेपद, पद्मश्री. नवरा प्रवीण ठिपसे, भारताचे तिसरे ग्रँडमास्टर, 1997 ला झाले. आनंद पहिला, दिव्येंदू बारुआ दुसरे, मग हे. दोघंही खेळाडू, लग्नानंतरही ती खेळत राहिली, जिंकत राहिली. नाना तिचे पेपरात आलेले डाव कापून ठेवायचे आणि आम्ही रात्री ते पटावर मांडायचो, तिची चाल यायच्या आधी ते कागदावर हात ठेवायचे आणि विचारायचे, सांग, आता काय? मी चुकले की म्हणायचे बघ परत. आज मी क्लासमध्ये तेच करते, फक्त हाताऐवजी स्क्रीनवर रुमाल टाकते.

आनंदचंही सांगते कारण त्यात एक गोष्ट लोक विसरतात. विश्वनाथन आनंद 1987 ला ज्युनिअर जगज्जेता, 2000 ला जगज्जेता, मग 2007 पासून 2013 पर्यंत सलग, क्रामनिकला हरवलं, टोपालोवला हरवलं, गेल्फंडला हरवलं. पण त्याला शिकवलं कोणी? आईने. वयाच्या सहाव्या वर्षी. आणि प्रज्ञानंदची आई, नागलक्ष्मी, ती पोराबरोबर देशोदेशी फिरते, सोबत कुकर आणि रसम-भाताचं सामान, कारण पोराला बाहेरचं जमत नाही. 2023 ला बाकूला वर्ल्ड कपमध्ये कोपऱ्यात उभं राहून मुलाकडे बघणारा तिचा फोटो सगळ्यांनी पाहिला असेल. गुकेशच्या वडिलांनी तर स्वतःची सर्जनची प्रॅक्टिस सोडली, आणि पोरगा 12 डिसेंबर 2024 ला सिंगापूरला 18 व्या वर्षी जगज्जेता झाला. दिव्याचे आई-वडील दोघंही डॉक्टर. म्हणजे काय, की या खेळात करिअर पोराचं असतं पण रजा आई-बापाची लागते. आणि आमच्या इकडे ही रजा कापसावर अवलंबून असते, केळीच्या भावावर अवलंबून असते.

क्लासला येणारे बाप मला एकच विचारतात, ताई यात पैसा किती? मी खरं ते सांगते. वरच्या मोजक्या लोकांना भरपूर. दिव्याला वर्ल्ड कपचे 50,000 डॉलर मिळाले, राज्य सरकारने तीन कोटी दिले. मधल्यांना नोकरीचा आधार असतो, पेट्रोलियम कंपन्या, रेल्वे, एअर इंडिया, एलआयसी यांनी आजवर किती बुद्धिबळपटू सांभाळले, हंपी ओएनजीसीतच आहे. कोणी पुढे कोचिंग करतं, त्यातही आता चांगलं मिळतं, ऑनलाइनमुळे तर अमळनेरात बसून अमेरिकेतल्या पोराला शिकवता येतं. आणि खालच्यांना? खालच्यांना खर्च. एन्ट्री फी, प्रवास, लॉज, जेवण. अठराच्या आतल्या पोरांचं रेटिंग फार उड्या मारतं, आपल्याच रेटिंगच्या पोराशी एक डाव हरला की 20 पॉइंट गेले, जिंकला की 20 आले. चार दिवसांत चार महिन्यांची मेहनत वाहून जाताना बापाने बघायची आणि पोराला म्हणायचं चल उसाचा रस पिऊ. हे ज्याला जमेल त्याने पोराला या खेळात घालावं.

विदित गुजराथीचं नाव इकडे सगळे घेतात, नाशिकचा म्हणजे आपल्या शेजारचाच. घ्यायलाच पाहिजे. 2023 च्या ग्रँड स्विस या मोठ्या स्पर्धेत तो पहिलाच डाव हरला आणि तरी 11 पैकी साडेआठ गुण करून स्पर्धा जिंकला, पुढे टोरोंटोच्या कँडिडेट्समध्ये, म्हणजे जगज्जेत्याला आव्हान देणारा ठरवणाऱ्या स्पर्धेत, अमेरिकेच्या नाकामुराला दोन्ही डावांत हरवलं. पहिला डाव हरून रडत बसणाऱ्या प्रत्येक पोराला मी हीच गोष्ट सांगते.

हंपीबद्दल मात्र मला जास्त बोलायचंय, त्या फायनलमध्ये ती हरली म्हणून तर अजूनच. 15 व्या वर्षी ग्रँडमास्टर, तेव्हा जगात इतक्या लहान वयात कोणी बाई झालेली नव्हती. मग लग्न, 2017 ला मुलगी झाली, दोन वर्षं खेळापासून लांब. आपल्याकडे अशा वेळी लोक काय म्हणतात ते मला सांगायला नको. आणि 2019 च्या डिसेंबरात मॉस्कोला ती रॅपिडची जगज्जेती झाली. 2024 ला न्यूयॉर्कला परत एकदा, 37 व्या वर्षी. मला दिव्याचं कौतुक आहेच पण हंपीकडे बघून मला वाटतं की 1993 ला थांबलेली गाडी परत सुरू होऊ शकली असती, मी प्रयत्न केला नाही. मी 2013 ला क्लास सुरू केला तो एवढ्याचसाठी.

दिव्याची अजून एक गोष्ट. 2024 च्या जानेवारीत ती नेदरलँड्सला वाइक आन झी ची स्पर्धा खेळून आली आणि इंस्टाग्रामवर लिहिलं की लोक माझा खेळ बघत नाहीत, माझे कपडे, केस, बोलणं यावर बोलतात. 18 वर्षांची पोरगी. हे मी माझ्या मोठ्या पोरींना वाचून दाखवलं. एक जण म्हणाली, ताई आपल्याकडे तर एवढंही नाही, आपल्याकडे विचारतात एकटी आलीस का. खरं आहे. मागच्या वर्षी एका स्पर्धेला हॉलमध्ये सत्तर-ऐंशी पोरं आणि पोरी नऊ, आणि मुलींचं बाथरूम कुलूपबंद. चावी ज्याच्याकडे तो जेवायला गेलेला. चालू डावातून उठून पोरगी चावी शोधत फिरतेय आणि तिकडे तिचं घड्याळ चालू आहे. अकरा मिनिटं गेली. मी आयोजकांशी भांडले, तेवढ्यापुरतं सॉरी म्हणाले. ती पोरगी तो डाव घड्याळातला वेळ संपून हरली.

ती पोरगी आता दहावीला आहे. नाव लिहीत नाही, तिला आवडणार नाही. पारोळ्याकडच्या खेड्यातली, रेटिंग 1487. नववीच्या मे महिन्यात तिची आई आलीच, दारात उभी, चहा नको. मी या वेळी पहिल्यांदा बरं म्हटलं नाही. मी म्हटलं, वहिनी बसा, आणि त्या सांगलीच्या पिशवीचं सांगितलं. सगळं सांगितलं. तिने ऐकलं, काही बोलली नाही, उठून गेली. मला वाटलं संपलं. मग जुलैत तो श्रावणी सोमवार आला, पोरगी ओट्यावर होतीच, आणि दुसऱ्या दिवशी नागपंचमीला आईचा फोन. ती काल जिंकली ती पोर, तिच्या गळ्यात पडली ती तिची आईच का वं? मी म्हटलं हो आईच. ती तिच्यासंगे जाते का सगळीकडे? जाते. बरं, म्हणाली, आणि फोन ठेवला.

दिवाळीच्या सुट्टीत पुण्याला रेटिंगची स्पर्धा होती. जळगावहून महाराष्ट्र एक्सप्रेस, मी, पोरगी आणि तिची आई. आई आयुष्यात धुळ्याच्या पुढे गेलेली नव्हती. कळण्याच्या भाकरी, ठेचा, शेंगदाण्याची चटणी आणि फराळ मिळून दोन पिशव्या. स्लीपरच्या बर्थवर पोरीने मॅग्नेटचा छोटा पट काढला, आई बघत होती. मनमाड गेल्यावर म्हणाली, हा कसा चालस? घोडा होता तो. पोरीने अडीच घरं दाखवली. आईने बोट ठेवून स्वतः मोजलं, एक, दोन, आणि वळून अर्धं. परत एकदा मोजलं. मग उंट. पुण्यापर्यंत किल्लेकोट, म्हणजे राजा आणि हत्तीची ती एकत्र चाल, सोडून सगळं विचारून झालं.

नऊ राउंडमध्ये साडेचार. रेटिंग 30 पॉइंट वाढलं, फार नाही. सातव्या राउंडला जिंकलेला डाव तिने घालवला, एक प्यादं जास्त होतं आणि हत्ती-हत्तीच्या एंडगेममध्ये राजा चुकीच्या बाजूला नेला. येताना गाडीत तोच डाव आम्ही तीनदा मांडला. आई झोपली नव्हती, पलीकडच्या बर्थवर पाय दुमडून बसलेली, तिसऱ्यांदा मांडताना म्हणाली, राजाले तठे कशाले लई गई तू?

डिसेंबरात धुळ्याला स्पर्धा आहे. प्रीलिमपेक्षा आधी आहे, मी तारखा बघून घेतल्या. फॉर्म आईनेच भरायला सांगितलाय.